मूर्ती उजेडात, माणसं काळोखात

७ जानेवारी, पेण

आज हृषीशी भांडण होता होता राहिलं. म्हणजे मी तयारीत होते, तो नुसता हसत होता, म्हणून राहिलं.

जोह्याच्या गणपतींच्या कारखान्यात शूटिंग, कॅमेरा माझा. मी नंदूला (आमचा गॅफर, दिव्यांचा सगळा कारभार त्याचा) खिडकीला काळं कापड लावायला सांगितलं, तर हा दिग्दर्शक महाशय म्हणतो, "राहू दे ना थोडा उजेड, म्हात्रे. तो कोपरा छान दिसतो."

कोपरा छान दिसतो! अरे बाबा, तो दिसायलाच नकोय. दोन वर्षं काय ठरवत बसलो होतो आपण? मूर्ती उजेडात, माणसं काळोखात. हे वाक्य त्याचं की माझं ते आता दोघांनाही आठवत नाही, पण पटकथेचं पहिलं पान लिहायच्या आधी ते ठरलं होतं. सगळा सिनेमा त्या एका वाक्यावर उभा आहे. मालन, दिराच्या कारखान्यात गणपतींचे डोळे आखणारी विधवा बाई. तिच्याकडे कोणाचं लक्ष नाही. मग कॅमेऱ्याने तरी काय म्हणून उगाच तिच्या तोंडावर दिवा धरायचा?

कापड लावलं. टेक झाला. त्याने मॉनिटरकडे बघून नाक मुरडलं ते मी बघितलं. बोलले नाही. फार झालं म्हणायचं माझ्या मानाने.

८ जाने.

कोठाराचा सीन. आजचा दिवस विसरणार नाही.

माळ्याखालचं कोठार, रंग न दिलेल्या पांढऱ्या मूर्ती छतापर्यंत रचलेल्या. दीर दाराबाहेरून सांगतो, कारखाना विकला. मालन आतून फक्त "बरं" म्हणते. चेहरा नाही दाखवायचा. पांढऱ्या रांगा आणि मध्ये एक काळा आकार, बस.

शॉटच्या आधी शुभाताई (मालन त्याच करतात, उभी हयात नाटकात गेलीय) हळूच माझ्याजवळ आल्या. "म्हात्रेबाई, चेहरा दिसणार नाही ना?"
"नाही."
"नक्की?"
"माझा शब्द."
"मग मला जरा माझं माझं करू द्या."

कळलं मला. त्यांची आक्का, थोरली बहीण, दिवाळीत गेली. ताई लगेच प्रयोगाला उभ्या राहिल्या होत्या. "रडायचं राहूनच गेलं हो," असं पहिल्याच दिवशी चहा पिता पिता म्हणाल्या होत्या, पाणी प्यायचं राहून गेलं म्हणावं तसं.

व्ह्यूफाइंडरमधून मला नुसता आकार दिसत होता. खांदे हलत होते. "बरं" आलं ते असं आलं की नंदूने तोंड फिरवलं. एकच टेक. ताई मोरीवर जाऊन तोंड धुऊन आल्या आणि म्हणाल्या, "भूक लागली गं बाई."

११ जाने., धरमतर

खाडीवर. जेट्टीला कोळशाचे बार्ज लागलेले, सगळीकडे काळी भुकटी, लेन्स पुसून पुसून हात दुखले.

हृषी आज वेगळंच बोलत होता. "मला आपला सिनेमा राखी दिसायला लागलाय."
"राखी म्हणजे?"
"राखेसारखा. मऊ. काही लपवलेलं नाही असा."

मला वाटलं जेवण झालेलं नाही म्हणून बडबडतोय. ताईंचा चेहरा उन्हात उघडा ठेवून एक शॉट जास्तीचा घ्यायला लावला. का, विचारलं. "लागेल." का लागेल ते सांगत नाही. आजवर एकमेकांना न सांगता आम्ही साधी लेन्स बदललेली नाही. काहीतरी शिजतंय.

१२ जाने., पेण

शिजत होतं ते उतू गेलं.

लॉजवर त्याच्या खोलीत बोलावलं. तो रोज संध्याकाळी स्वतःच जोडाजोड करतो लॅपटॉपवर. म्हणाला, बघ. बघितलं तर सगळं फिकट! काळा कुठे नाहीच. कारखाना पिठात लोळवल्यासारखा. मी आधी हसायलाच लागले. कारण कळलं लगेच. आमचा कॅमेरा चित्र कच्चं टिपतो, पांढऱ्या रंगाचा नुसता एक हात दिलेल्या मूर्तीसारखं. त्यावर आम्ही ठरवलेला रंग चढला की मग तो आमचा काळोख. सेटवरच्या मॉनिटरमध्ये तो रंग चढवलेला असतो. त्याच्या लॅपटॉपवर ती रंगाची फाइल चढलीच नाही. मला वाटलं त्याने चढवली, त्याला वाटलं असणार मी चढवून दिली. पहिल्या दिवसापासून हा बाबा कच्चंच बघतोय.

"अरे मूर्खा, सांगायचंस ना," म्हटलं. "थांब, आत्ता लावते."

"नको," म्हणाला. "पहिल्या दिवशी मीही म्हटलं, नंतर लावू. मग सवय झाली. मग आवडायला लागलं. मला हेच हवंय, म्हात्रे. आख्खा सिनेमा असा."

मी काही बोलायच्या आत त्याने कोठाराचा शॉट लावला.

चेहरा दिसतो. सगळा दिसतो. ताईंनी पदराचा बोळा तोंडात धरलाय, नाक वाहतंय, ओठ वेडेवाकडे झालेत, आणि एक हात शेजारच्या मूर्तीच्या गुडघ्यावर. पोर झोपेत आईला चाचपतं तसा. मग बोळा काढून "बरं".

मी लॅपटॉप बंद केला आणि खोलीबाहेर आले. चप्पल त्याच्या खोलीत राहिली. तशीच अनवाणी आले.

१३ जाने.

एस.टी. स्टँडच्या समोर चहाला बसलो. सेटवर नको, लोक ऐकतात.

आधी रंगावरूनच. मी म्हटलं, मी लाइट केलंय ते काळ्यासाठी. ज्या भिंती दिसायच्या नाहीत त्या मी सजवलेल्या नाहीत, तिथे नंदूची शिडी उभी आहे, वायरी लोंबतायत. तो म्हणाला, शिडी काढता येते नंतर. मी म्हटलं, ठरलं होतं. तो म्हणाला, ठरलं होतं तेव्हा हे बघितलं नव्हतं. "तुला तुझा काळोख प्यारा आहे. सिनेमापेक्षा."

हे लागलं. खूप लागलं. मग मी ताईंना दिलेल्या शब्दाचं सांगून टाकलं.

त्याने कप खाली ठेवला. चहा गार झाला त्याचा. आणि मग म्हणाला, "मला न विचारता तू नटीला शब्द दिलास? माझ्या सिनेमात काय दिसणार, काय नाही, ते तू एकटीने ठरवलंस?"

"आपल्या सिनेमात," म्हटलं.

"आपल्याच ना? मग मला का नाही सांगितलंस?"

का नाही सांगितलं! मुद्दाम लपवलं नाही. तेव्हा सांगण्यासारखं काही वाटलंच नाही. चेहरा दिसणार नव्हताच, ठरलेलं होतं. आकाश वर आहे हे काय कोणी कोणाला सांगतं का?

शेवटी म्हणाला, "शूट संपेपर्यंत ताईंना कळता कामा नये. त्यांचं काम बिघडेल." यावर मी हो म्हटलं. काम बिघडेल हे खरंच आहे. पण हो म्हटल्यापासून तोंड कडू झालंय.

१५ जाने., जोहे

आज एक केलं. बरोबर की चूक ते मला आत्ता ठरवायचं नाही.

दीर आणि मालन, हिशेबाच्या खोलीत. हृषी म्हणाला, नेहमीसारखं. मी नंदूकडून आणखी दोन कापडं लावून घेतली, वर लेन्सचं तोंड आणखी बारीक केलं. कॅमेऱ्यापर्यंत उजेडच पोचू दिला नाही. आता कच्चं चित्र बघो नाहीतर पक्कं, काळं ते काळंच राहणार. उकरून काढायला खाली काही ठेवलंच नाही.

नंदूने माझ्याकडे बघितलं. "म्याडम, जास्त होतंय."
"होऊ दे."
"बघा बुवा. तुमचं दोघांचं."

शॉटच्या आधी ताईंनी नेहमीसारखं विचारलं, "दिसत नाही ना?" आज छातीवर हात ठेवून नाही म्हटलं.

१६ जाने.

युनिटने पोपटी लावली शेतात. मडक्यात वालाच्या शेंगा, अंडी, बटाटे, भांबुर्ड्याचा पाला, वरून जाळ. सगळे खूश. ताई जमिनीवर मांडी घालून बसल्या होत्या, मला शेंगा सोलून देत होत्या. "खा गं, किती वाळलीस. हृषी छळतो का तुला?" आणि हसल्या मोठ्याने.

हृषी समोर बसला होता. तोही हसला. मला त्या दोघांकडेही बघवेना. शेंगा गोड होत्या, पण माझ्या वाटच्या मी नंदूला देऊन टाकल्या.

१७ जाने.

सापडलं त्याला. सापडणारच होतं.

खोलीचं दार न वाजवता आत आला. लॅपटॉप माझ्या पलंगावर आपटला. हिशेबाच्या खोलीचा शॉट उजळून बघितला होता त्याने. चेहऱ्याच्या जागी नुसते दाणे, खसखस पेरल्यासारखे.

"हे काय आहे?"
"काळोख."
"मुद्दाम केलंस."
"हो."

वाटलं ओरडेल. ओरडला असता तर बरं झालं असतं, मला ओरडता येतं. पण तो खुर्चीवर बसला आणि म्हणाला, "कॉलेजपासून तुझ्या मॉनिटरवर काय आहे ते मी तपासायला गेलो नाही कधी. उद्यापासून तपासायला लावतेस का मला?"

मी म्हटलं, "आणि मी? शब्द मोडला तर मी कोणत्या तोंडाने उभी राहू कुठल्या नटीसमोर?"

"मोडायला मी सांगत नाहीये. मोडलाय तो आधीच. कॅमेऱ्याने मोडलाय. मी फक्त बघितलंय."

नालायक. बोलण्यात हार जाणार नाही कधी. तो गेल्यावर रडले मी, रागाने.

१९ जाने., अष्टमी

रोह्याला आलो. शेवटचं शेड्यूल. युनिट लॉजवर, मी पूल ओलांडून पलीकडच्या अष्टमी गावात, आमच्या घरी. मालनच्या भावाचं घर म्हणून आमचंच घर घेतलंय, मागची खोली. तेव्हा हौसेने मीच सुचवलं होतं.

आईला सिनेमाचं कौतुक, पण खिडक्यांना कापडं बघून वैतागली. "काय गो ह्ये, भर दुपारी घरात काळोख! लोकांना वाटंल आमचं बिलच भरलं नाय."
"आई, तसंच हवंय."
"मानसं दिसायला नको व्हय तुमच्या सिनेमात?"

तू पण? म्हटलं मनात.

हृषी आता कामापुरतंच बोलतो. "लेन्स?" "पस्तीस." "बरं." प्रत्येक टेकनंतर स्वतः येऊन एक्स्पोजर, म्हणजे किती उजेड घेतला ते, बघून जातो. मी बाजूला सरकून उभी राहते. नंदू आमच्या दोघांच्या मध्ये वायरी गुंडाळत फिरतो.

२० जाने.

आईने वालाचं बिरडं आणि तांदळाच्या भाकऱ्या केल्या, हृषीला मुद्दाम बोलावलं. तिला आमच्यातलं काही ठाऊक नाही. "खा रे, लाजतोस काय," करत वाढत होती. तो जेवला, ताट घासून ठेवतो म्हणाला, आईने हाकललं. मग तो मागच्या ओट्यावर माझ्याशेजारी येऊन बसला.

"एक सांगू? चिडू नकोस."
"चिडणार. सांग."

"मालनला आपण काळोखात ठेवलं ना, त्याचं कारण मी सगळ्यांना फार मोठं मोठं करून सांगत आलो. खरं म्हणजे ती कशी दिसते तेच मला माहीत नव्हतं. लिहिताना चेहराच दिसायचा नाही. म्हणून म्हटलं, काळोख. तो शॉट बघितला आणि पहिल्यांदा दिसली."

मी चिडले नाही. कारण मलाही एक कबूल करायचं होतं, ते मी त्याला सांगितलं नाही, इथे लिहिते. शॉट भारी आहे. आयुष्यात असा चेहरा मी टिपलेला नाही. आणि टिपला तेव्हा मला तो दिसलाच नाही.

पण म्हणून तो आमचा होतो का? ताईंनी तो सिनेमाला दिलाच नव्हता. काळोखाला दिला होता.

इतकंच म्हटलं त्याला, "उद्या ताईंनी विचारलं तर मी खोटं बोलणार नाही. जमणार नाही मला."
"उद्या शेवटचा शॉट आहे गं. एक दिवस."
"तेच तर."

तो उठून गेला. गाडीची किल्ली विसरला म्हणून परत आला, ती घेऊन गेला.

२१ जाने., अष्टमी

शेवटचा शॉट. मागच्या खोलीत मालन एकटी, वहिनी आत चहा करायला गेलेली. पटकथेत एवढंच: मालन काळोखात बसून आहे.

नंदू कापड घेऊन स्टुलावर चढला होता. ताई खाटेवर बसल्या. मी उजेड मोजायचं मीटर घेऊन त्यांच्या गालाजवळ गेले. आणि आलंच ते.

"म्हात्रेबाई, दिसणार नाही ना?"

हृषी दारात उभा. त्याने माझ्याकडे बघितलं. मान हलवली नाही, हात केला नाही, नुसतं बघितलं.

म्हटलं, "ताई, त्या दिवशी कोठारातसुद्धा दिसलं होतं."
"काय?"
"तुम्ही. कच्च्या चित्रात दिसता. मला तेव्हा माहीत नव्हतं, पण दिसता. हृषीला तो चेहरा ठेवायचाय."
"किती दिसतं?"
"सगळं."

ताईंनी हृषीकडे बघितलं. "दाखवा," ताई म्हणाल्या. आवाज एकदम नाटकातला, शेवटच्या रांगेपर्यंत पोचणारा.

आईच्या स्वयंपाकघरात पाटावर लॅपटॉप ठेवला. ताई समोर बसल्या. हृषीने शॉट लावला. मी भिंतीला टेकून. ताई हलल्या नाहीत. बोळा, नाक, वाकडे ओठ, मूर्तीच्या गुडघ्यावरचा हात. चहाचं आधण ठेवून आईही मागे येऊन उभी राहिली, आणि म्हणाली, "आई गं, किती रडते ती बाय. कोन गो ही?"

आईला ओळखूच आलं नाही. हृषीने डोळे मिटून घेतले. मला वाटलं, संपलं सगळं.

ताई म्हणाल्या, "माझी आक्का."

आधण उकळत होतं. मग ताई स्वतःशीच म्हणाल्यासारखं, "आक्का अशीच रडायची. पदराचा बोळा करून. आम्ही चिडवायचो तिला." आणि हृषीला, "परत लाव रे."

परत लावला. मग म्हणाल्या, "आता म्हात्रेबाईंचं लाव." मी पुढे होऊन आमचा रंग चढवला. पांढऱ्या मूर्ती, मध्ये काळा आकार, हलणारे खांदे. तोही त्यांनी शेवटपर्यंत बघितला.

"ह्यात नाही ती."
"नाही," म्हटलं.
"पण हे बघायला बरं वाटतं," म्हणाल्या. "पहिलं बघवत नाही."

हृषीने विचारलं, "ताई, मग... ठेवू?"

"उजेड जाईल. आधी आजचं घ्या." चहासुद्धा घेतला नाही. उठून सरळ मागच्या खोलीत जाऊन खाटेवर बसल्या.

आम्ही मागोमाग. नंदू परत स्टुलावर, कापड हातात. खिडकीतून कलतं ऊन ताईंच्या अर्ध्या तोंडावर पडलेलं. मी कॅमेऱ्याला डोळा लावला. हृषी जवळ आला, अगदी पूर्वीसारखा माझ्या खांद्यामागे. कापड लाव की नको, दोघंही म्हणालो नाही. नंदू बिचारा तसाच ताटकळत.

ताईंनी विचारलं, "दिसतंय का?"

रोजचा प्रश्न नव्हता हा. मी हृषीकडे बघितलं. तो म्हणाला, "तू सांग."

"दिसतंय, ताई," म्हटलं.

त्यांनी पदर सारखा केला. थोड्या वेळाने मान खिडकीकडून आमच्याकडे वळवली, पण पुरती नाही. ऊन आहे तिथे अर्धा चेहरा राहिला आणि अर्धा काळोखात गेला. मी सांगितलं नव्हतं, हृषीनेही नाही. हृषी "अॅक्शन" म्हणायचं विसरला, मी तशीच कॅमेरा चालू करून बसले. बराच वेळ ताई नुसत्या बसून होत्या. आतून आईच्या कपबशांचा आवाज आला, तोही टेकमध्ये गेला असणार.

एकच टेक. हृषी म्हणाला, "झालं." युनिटने टाळ्या वाजवल्या, शूट संपलं म्हणून. पेढे आले. मला नंदूने धरून हलवलं तेव्हा कळलं मी अजून कॅमेऱ्यापाशीच बसलेय.

कोठाराच्या शॉटचं ताई काही बोलल्या नाहीत. आम्ही विचारलं नाही, धीरच झाला नाही. गाडीत बसताना आईने त्यांना कडव्या वालांची पिशवी दिली. ती मांडीवर घेऊन ताई म्हणाल्या, "चित्रावर रंग चढवायला बसाल तेव्हा मला बोलवा. मी येईपर्यंत त्या कोठाराला हात लावू नका. ना काळा करायला, ना उजळायला."

"हो," मी आणि हृषी एकदमच म्हणालो.

गाडी पुलावरून गेली. हृषी तिथेच कट्ट्यावर बसला, मी उभी. या वेळी शब्द दोघांनी मिळून दिलाय. त्या आल्यावर काय होणार, ते दोघांनाही माहीत नाही.